काळातून वीज उपसणाऱ्या यंत्राची कल्पना : तिला भौतिकशास्त्राचा आधार देता येईल का?

सातपुडा पायथा (प्रश्न)

नमस्कार. गेली दीड वर्षे मी एक दीर्घकथा लिहीत आहे. ती यावल तालुक्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी, आमच्यासारख्याच एका केळीच्या गावात घडते. कथेत एक कंपनी गावाबाहेर 'कालोपसा केंद्र' उभारते. तिथे कोळसा जळत नाही आणि ऊन-वाऱ्याचीही गरज लागत नाही. केंद्र आसपासच्या काळातून ऊर्जा ओढते आणि तिची वीज करून तारांवर चढवते. केंद्राभोवती काही किलोमीटरांचे एक वर्तुळ आहे आणि त्या वर्तुळातला काळ बाहेरच्यापेक्षा किंचित संथ चालतो. गावाला वीज फुकट मिळते, रात्रीची थ्री-फेज संपते, दिवसा पाणी भरता येते, आणि तरीही ग्रामसभेत दोन तट पडतात.

गेल्या महिन्यात पहिली चार प्रकरणे आमच्या वाचक मंडळात वाचून दाखवली. त्यावर दोन आक्षेप आले. पहिला असा, की काळ म्हणजे काही विहीर नव्हे, त्यात साठा नसतो, त्यामुळे कथा पायाशीच पोकळ आहे. दुसरा आक्षेप मला जास्त लागला. एका काकूंनी विचारले, "वर्तुळातल्या माणसाचं नेमकं जातं काय, ते तू सांगितलंच नाहीस. त्याचं घड्याळ संथ, तोही संथ, त्याची केळीही संथ; मग त्याला कळणार कसं, आणि तो भांडेल कशासाठी?" याचे उत्तर माझ्यापाशी नव्हते. मी 'केळी उशिरा निसवते', म्हणजे तिचा घड उशिरा बाहेर पडतो, असे एक वाक्य घालून वेळ मारून नेली होती, आणि ते काकूंनी बरोबर पकडले.

यंत्र काल्पनिक आहे आणि तसेच राहणार. परंतु माझी समजूत अशी आहे, की वाचक लेखकाला एक अशक्य गोष्ट उसनी देतो, दुसरी देत नाही. ती एक गोष्ट कोणती मागावी, आणि ती मिळाल्यावर पुढे खरे भौतिकशास्त्र काय सांगते, हे मला जाणकारांकडून समजून घ्यायचे आहे. आमच्याकडे 'ळ'चा 'य' होतो. माझी आजी केळीला 'केयी' म्हणे आणि काळाला 'काय'. कथेचा आरंभ मी तिच्याच प्रश्नाने केला आहे : तारांकडे बघत ती विचारते, "यास्नी आपला काय नेला?" त्या प्रश्नाला खरे उत्तर मिळावे, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

भुसावळचे मास्तर

ताई, मी पस्तीस वर्षे अकरावी-बारावीला भौतिकशास्त्र शिकवले. प्रश्न वाचून आनंद झाला, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

काळात साठा नसतो, हे आक्षेप घेणाऱ्यांचे म्हणणे बरोबर आहे. पण ऊर्जा आणि काळ यांचा संबंध नाही, असे त्यावरून ठरत नाही. तो फार जवळचा आहे. जर्मनीतील गटिंगन येथे काम करणाऱ्या एमी नोएथर या गणितज्ञ बाईंनी १९१८ मध्ये एक सिद्धांत प्रसिद्ध केला. त्याचा आपल्यापुरता अर्थ असा, की निसर्गाचे नियम काल जे होते तेच आज असतील आणि तेच उद्या राहतील, तर ऊर्जेची बेरीज बदलू शकत नाही. अकरावीच्या मुलांना मी हे उलटीकडून सांगत असे. समजा, गुरुत्व सोमवारी एक दशांशाने कमी असते आणि मंगळवारी पूर्ववत होते. मग सोमवारी तापीचे हजार लिटर पाणी दहा मीटर उंच टाकीत चढवावे आणि मंगळवारी जनित्रावर सोडावे. चढवायला लागली त्याहून अधिक वीज हाती येईल, आणि दर आठवड्याला येत राहील. फुकटची वीज मिळत नाही ती एवढ्याचसाठी, की सोमवार आणि मंगळवार या बाबतीत सारखे आहेत.

तुमच्या यंत्राला हा एक मार्ग झाला. मात्र तो कथेसाठी घेऊ नये, असे मला वाटते. नियमच दिवसागणिक बदलू लागले तर अणू-रेणूंपासून रक्ताभिसरणापर्यंत सगळेच बिघडेल आणि मग ग्रामसभेत भांडायला कोणी उरणार नाही.

दुसरा मार्ग अधिक चांगला आहे, कारण त्याचा मोठा भाग खरा आहे. आइन्स्टाइन यांच्या सामान्य सापेक्षतेनुसार उंचावरचे घड्याळ जलद आणि खालचे संथ चालते. हा परिणाम पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्ड विद्यापीठातील एका मनोऱ्यात, केवळ २२.५ मीटर उंचीच्या फरकावर मोजला. त्यांचे निष्कर्ष १९६० मध्ये प्रसिद्ध झाले. आज जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे गती आणि उंची यांच्या एकत्रित परिणामामुळे दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद (सेकंदाचे दशलक्षांश भाग) पुढे जातात आणि ती दुरुस्ती केली नाही तर मोबाइलवरचा नकाशा चुकतो. २०२२ मध्ये तर अमेरिकेतील संशोधकांनी एका मिलिमीटरच्या फरकावरही काळाचा हा उतार मोजून दाखवला. आपल्या भागात सांगायचे तर तोरणमाळच्या पठारावर ठेवलेले घड्याळ त्याच्या हजार मीटर खालच्या सपाटीवरील घड्याळापेक्षा दिवसाला सुमारे नऊ नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जांश भाग) पुढे जाते.

आता मुख्य गोष्ट. दगड खाली पडतो तेव्हा तो जलद काळाकडून संथ काळाकडे जात असतो, आणि त्यातून जी ऊर्जा मिळते ती वस्तुमान, प्रकाशवेगाचा वर्ग आणि दोन ठिकाणच्या काळाच्या वेगांमधला सापेक्ष फरक यांच्या गुणाकाराइतकीच असते. उकाईच्या धरणातून तापीचे पाणी खाली कोसळून वीज होते, तिचा हिशेब तुम्ही उंचीने मांडा किंवा काळाच्या उताराने मांडा, उत्तर एकच येते. त्यामुळे 'काळातून ऊर्जा ओढणे' हा शब्दप्रयोग अगदीच निराधार नाही. तुम्ही वाचकाकडे मागायची उसनी गोष्ट एकच : हे केंद्र डोंगर न खोदता, जड वस्तू न आणता, एखाद्या जागेचा काळ संथ करू शकते आणि त्या जागेतील सर्व वस्तूंच्या 'पडण्याची' ऊर्जा स्वतःकडे घेते. बाकी सगळे नियम जसेच्या तसे ठेवा.

तसे केले तर आकडे असे येतात. वर्तुळातील काळ वर्षाला फक्त एक मायक्रोसेकंद मागे पडेल इतका संथ केला, तर दर किलो वस्तुमानामागे सुमारे २,८५० ज्यूल मिळतात. तीच वस्तू २९० मीटर खाली सोडली असती तरी एवढेच मिळाले असते. म्हणजे गाव जमिनीवर जिथल्या तिथे दिसेल, पण हिशेबाने ते २९० मीटर खोल खड्ड्यात गेलेले असेल.

काकूंचे उत्तर इथेच आहे. वर्तुळातल्या माणसाचे आयुष्य कमी होत नाही. ऐंशी वर्षांत तो बाहेरच्यापेक्षा अवघा ८० मायक्रोसेकंद मागे पडेल. त्याचे जाते ते वेगळेच. वर्तुळाचा काठ तीन किलोमीटर रुंद धरला, तर गावातून बाहेर जाणारा रस्ता डोळ्यांना सपाट दिसेल, पण पायांना तो दहाला एक अशा चढाचा घाट लागेल. सायकलवर दुधाची कॅन लावून निघालेला मुलगा सपाट रस्त्यावर उतरून सायकल ढकलू लागेल. बाहेरून येणारी एसटी इंजिन न्यूट्रलवर असताना वेग घेईल. साठ किलोच्या माणसाला बाहेर पडण्यासाठी जवळपास १,७१,००० ज्यूल मोजावे लागतील. ते युनिटच्या विसाव्या भागाएवढेच आहेत, परंतु ते ज्याचे त्याने आपल्या पायांनी भरायचे आहेत.

आणखी एक. ही ऊर्जा एकदाच मिळते. खड्डा तयार झाला, वस्तू 'पडल्या', हिशेब मिटला. पुढच्या वर्षी वीज हवी असेल तर खड्डा आणखी खोल करावा लागेल. वर्तुळ पूर्ववत करायचे ठरवले, तर आजवर नेलेली सगळी ऊर्जा परत भरावी लागेल. एक युनिटही माफ होणार नाही.

पिलबाग

मास्तर, आपला शेवटचा परिच्छेद मी दोनदा वाचला, कारण त्यात मला आमची विहीर दिसली.

मी रावेर तालुक्यातला केळी उत्पादक आहे. माझ्या आजोबांनी विहिरीवर मोट चालवली. वडिलांनी इंजिन बसवले, नंतर विजेची मोटार आली, पाणी कमी झाले तेव्हा विहिरीत आडवे बोअर मारले, ते आटले तेव्हा उभे बोअर घेऊन पाणबुडी मोटार सोडली. पाणबुडीच्या दोराला आम्ही दर उन्हाळ्यात एक गाठ मारतो, म्हणजे मोटार किती खाली गेली ते लक्षात राहते. एप्रिलच्या एखाद्या रात्री पाइपातून पाण्याऐवजी फुसफुस आवाज येऊ लागतो, की समजायचे, आता एक पाइप वाढवायचा. मोटार वर घेण्याची वेळ मात्र माझ्या आठवणीत फार थोड्या वेळा आली आहे. सातपुड्याच्या पायथ्याचा दगडगोट्यांचा बझाडा पट्टा पाणी मुरवण्यासाठी उत्तम आहे असे अभ्यासक सांगतात आणि ते खरेही आहे, परंतु मुरणाऱ्यापेक्षा उपसा जास्त झाला की पट्टा कितीही चांगला असला तरी दोराच्या गाठी वाढतच जातात. ताईंनी 'उपसा' हा शब्द निवडला आहे, तो फार नेमका आहे.

केळीविषयी एक दुरुस्ती सुचवतो. 'काळ संथ म्हणून केळी उशिरा निसवते' हे वाक्य काढून टाकावे. वर्षाला एक मायक्रोसेकंदाने झाडाला काही होत नाही, आणि झाड घड्याळ पाहून वाढतही नाही. आमच्याकडे मृगबाग जून-जुलैत लागते आणि कांदेबाग सप्टेंबर-ऑक्टोबरात. दोन्ही बागांचे महिने मोजले तर वेगवेगळे भरतात, कारण कोणत्या बागेची निसवण थंडीत सापडते यावर पुढचे सगळे ठरते. डिसेंबर-जानेवारीत पारा दहाच्या खाली गेला की पोग्यातून, म्हणजे शेंड्याच्या गुंडाळलेल्या पानांतून, कमळ (फुलोरा) बाहेर यायलाच अडते, घड अर्धवट अडकतो, फण्या आखूड राहतात. तोच घड उबदार हवेत तीन-साडेतीन महिन्यांत कापणीला येतो आणि थंडीत रेंगाळतो. केळीचा काळ उन्हात मोजला जातो. तुमच्या यंत्राने केळीवर परिणाम व्हायचा असेल तर तो पाण्याच्या मार्गाने होईल.

तेच मला मास्तरांना विचारायचे आहे. वर्तुळ हा जर खरोखर खड्डा असेल, तर पाणी त्यात जाईल ना? सातपुड्यातून उतरणारे नाले, जमिनीखालचे झरे, सगळे त्या गावाकडे वळेल. मग त्या गावच्या विहिरी काठोकाठ भरतील आणि शेजारच्या दहा गावांच्या कोरड्या पडतील. माझ्या मते ग्रामसभेतले खरे भांडण हे आहे, आणि ते एका गावाच्या ग्रामसभेत मावणारे नाही.

भुसावळचे मास्तर

पिलबाग भाऊ, आपण म्हणता ते तंतोतंत बरोबर आहे आणि ते माझ्या लक्षात आले नव्हते. पाण्याला उतार डोळ्यांनी दिसावा लागत नाही. तीन किलोमीटरांत २९० मीटरांचा उतार असेल तर भूजल तर वळेलच, शिवाय वर्तुळात आलेले पाणी तापीकडे पुढे जाऊच शकणार नाही. काठाचा चढ त्याला अडवेल आणि गावात तळे साचू लागेल. हवाही आत ओढली जाईल. वर्तुळात हवेचा दाब वाढलेला असेल, आणि आत येताना माणसाचे कान घाट उतरताना बसतात तसे बसतील. ताईंना हा तपशील वापरता येईल.

साक्रीचा वारा

मी गेली काही वर्षे वीजनिर्मितीच्या क्षेत्रात काम करतो. आमच्या साक्री तालुक्यात ब्राह्मणवेलच्या पठारावर पवनचक्क्यांची मोठी रांग आहे आणि शिवाजीनगरला १२५ मेगावॉटचा सौर प्रकल्प आहे. त्यामुळे कोणतीही नवी वीज दिसली की मी प्रथम युनिट मोजतो.

मास्तरांच्या आकड्यांवरून एक ढोबळ हिशेब केला. एक हेक्टर जमीन, एक मीटर खोलीपर्यंत, म्हणजे सुमारे १५,००० टन माती. तिचा काळ वर्षाला एक मायक्रोसेकंद मागे पाडला तर सुमारे १२,००० युनिट मिळतील, तेही एकदाच. त्याच हेक्टरवर सौर पॅनेल लावले तर दरवर्षी सात लाखांहून अधिक युनिट मिळतात. त्यामुळे एवढ्याशा उपशासाठी कोणतीही कंपनी पैसे घालणार नाही. कथेत हे केंद्र उभे राहायचे असेल तर त्यांना रुंद आणि खोल जावेच लागेल.

दोन किलोमीटर त्रिज्येचे वर्तुळ आणि दहा मीटर खोलीपर्यंतची माती-मुरूम धरली, तर एका मायक्रोसेकंदाला सुमारे १५ कोटी युनिट होतात. भुसावळजवळच्या दीपनगर औष्णिक वीज केंद्राचा ५०० मेगावॉटचा एक संच पूर्ण क्षमतेने चालला तर दिवसाला १ कोटी २० लाख युनिट देतो. म्हणजे ते सगळे वर्तुळ २९० मीटर खाली नेऊन एका संचाची बारा-तेरा दिवसांची वीज हाती आली. तो संच वर्षभर चालवण्याइतकी वीज काढायची तर दरवर्षी सुमारे ३० मायक्रोसेकंद, म्हणजे दरवर्षी जवळजवळ एव्हरेस्टच्या उंचीइतके खाली जावे लागेल. पहिल्याच वर्षी गावातून कोणी पायी बाहेर पडू शकणार नाही.

मला वाटते, कथेतील वाद इथे मांडावा. कंपनी परवानगी घेताना एक मायक्रोसेकंद सांगेल. तो आकडा ऐकून कोणीही म्हणेल, एवढ्याने काय होते? कागदावर तो इतका लहान दिसतो, की त्याच्यामागे २९० मीटर आहेत हे कोणाच्या ध्यानात येणार नाही. मी काम करत असलेल्या क्षेत्रात असे आकडे मी पाहिले आहेत. खोटे नसतात, पण कोणत्या एककात सांगायचे ते सांगणारा ठरवतो.

सातपुडा पायथा

आपणा सर्वांचे मनःपूर्वक आभार. दोन दिवस मी काही लिहिले नाही, कारण जवळजवळ सगळी कथा नव्याने उभी करावी लागत आहे.

आजीच्या प्रश्नाचे उत्तर मला सापडले असे वाटते. कथेत तिची लेक, म्हणजे माझी आत्या, पलीकडच्या तालुक्यात दिली आहे. पूर्वी ती श्रावणात आणि दिवाळीला माहेरी येई. केंद्र सुरू झाल्यावर पहिल्या वर्षी ती येते तेव्हा रस्ता तिला अलगद आत घेतो. डोक्यावरचे गाठोडे हलके वाटते, पाय आपोआप पडतात, आणि आजी म्हणते, माहेरची वाट अशीच असते. परत जाताना मात्र ती वेशीपासून अर्ध्या कोसावर दम लागून बसते. समोर सपाट रस्ता आहे, दोन्ही बाजूंना केळीची पाने हलत आहेत, आणि तिला उठवत नाही. तिसऱ्या वर्षी ती येत नाही.

पिलबाग दादा, पाण्याचा मुद्दा मी पूर्ण स्वीकारला आहे. आता तट गावात पडत नाहीत. गाव एका बाजूला आणि शेजारची गावे दुसऱ्या बाजूला, असे झाले आहे. वर्तुळातल्या लोकांना पाणी मिळते म्हणून ते आरंभी केंद्राच्या बाजूने बोलतात, आणि हे मला अधिक खरे वाटते.

एक अडचण उरली आहे. कंपनी रात्री ठरल्यापेक्षा जास्त उपसा करते, हे गावकऱ्यांना कळायला हवे. त्यांच्याकडे अणुघड्याळ नाही. साध्या माणसाला, साध्या वस्तूवरून ते कसे दिसेल?

पाटणचा रस्ता

ताई, मी चाळीसगावचा आहे, इतिहासाचा विद्यार्थी आहे, आणि आपल्या या शेवटच्या प्रश्नासाठी मला आपल्याच भागातली एक वस्तू सुचवायची आहे.

चाळीसगावजवळ पाटणादेवीच्या देवळात एक शिलालेख आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांसमोर आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या दरबारी ज्योतिषी होता. त्याने आजोबांच्या ग्रंथांचे अध्ययन व्हावे म्हणून इथे मठ स्थापन केला आणि त्याला दान मिळाले, असे त्या लेखात नोंदवले आहे. तेराव्या शतकाच्या आरंभीची ही गोष्ट आहे. भास्कराचार्यांचे जन्मगाव कोणते याबद्दल अभ्यासकांत एकमत नाही, परंतु त्यांचे ग्रंथ आपल्या मातीत शिकवले गेले याला दगडाची साक्ष आहे.

१११४ मध्ये जन्मलेल्या भास्कराचार्यांनी ११५० मध्ये 'सिद्धांतशिरोमणी' लिहिला. त्यातील गोलाध्यायात यंत्रांवर एक प्रकरण आहे, आणि त्यात एका 'स्वयंवह' म्हणजे आपोआप फिरणाऱ्या चक्राचे वर्णन आहे. हलक्या लाकडाचे चाक घ्यावे, त्याला सारख्या अंतरावर, सारख्या मापाच्या, किंचित वाकलेल्या पोकळ आरा बसवाव्यात, त्या पाऱ्याने अर्ध्या भरून तोंडे बंद करावीत आणि चाक दोन आधारांवर आडव्या आसावर ठेवावे. मग ते आपोआप फिरते. असेच चक्र त्यांच्याआधी सातव्या शतकात ब्रह्मगुप्तांनीही सांगितले होते. ही कल्पना पुढे पश्चिमेकडेही अनेकांना मोहवत राहिली.

असे चाक खरोखर फिरत राहत नाही, हे मला माहीत आहे. एका बाजूचा पारा परिघाकडे सरकतो, पण दुसऱ्या बाजूला आरांची संख्या अधिक होते आणि तोल साधतो. मास्तरांचा सोमवार-मंगळवारचा दाखला वाचला तेव्हा माझ्या मनात हेच चाक आले. पारा वर चढताना त्याचे वजन एक आणि उतरताना दुसरे असते, तर हे चाक फिरले असते ना? तसे असेल, तर हे चाक तुमच्या गावातील शाळेच्या ओसरीवर ठेवता येईल. कोणी हौशी शिक्षकाने मुलांना दाखवण्यासाठी केलेले, कधीच न फिरणारे.

जाता जाता एक गोष्ट सुचवतो. लीलावतीच्या विवाहाचा मुहूर्त घटिकापात्रात मोती पडून छिद्र बुजल्यामुळे टळला, ही कथा सर्वांना ठाऊक आहे. ती ऐतिहासिक नव्हे. फैजीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरात ती येते. तरीही, पाण्यात बुडणाऱ्या छिद्राच्या भांड्याने २४ मिनिटांची घटका मोजणाऱ्या लोकांना काळ 'अडतो' ही कल्पना किती सहज सुचत असेल, हे तिच्यावरून दिसते. आजीच्या तोंडी ती शोभून दिसेल.

भुसावळचे मास्तर

चाळीसगावच्या मित्राचा विचार मला मनापासून आवडला. त्यात एकच अट पाळावी लागेल.

खड्डा तयार होऊन स्थिर झाला असेल, तर चाक फिरणार नाही. एका पूर्ण फेरीनंतर पारा जिथल्या तिथे येतो आणि गुरुत्व बदललेले नसते. त्यामुळे जमा-खर्च शून्य. चाक फिरायचे असेल तर गुरुत्व फेरी चालू असतानाच कमी-जास्त व्हायला हवे. म्हणून आपले केंद्र संथपणे, अखंड उपसा करते असे न लिहिता, ते पंपाच्या दट्ट्याप्रमाणे ठोक्याठोक्याने उपसते असे लिहावे. दर ठोक्याला ओढ किंचित वाढते आणि किंचित सैल होते. झोपाळ्यावर उभे राहून योग्य क्षणी गुडघे वाकवले आणि ताठ केले की झोका चढत जातो. तसेच ठोक्याची लय आणि चाकाची लय जुळली तर चाक हळूहळू फिरू लागेल आणि जोर धरेल. उपसा थांबला की आसाच्या घर्षणाने थांबेल. अर्थात त्यासाठी ठोके चांगले जोरकस हवेत, पण रात्रीची चोरी तशी असू शकते.

पाऱ्याऐवजी पाणी भरले तरी तत्त्व तेच राहील. आजच्या काळात शाळेत पारा ठेवू नये, तो विषारी असतो. शिक्षकाच्या तोंडी हे एक वाक्य जरूर घालावे.

पिलबाग

ताई, माझ्याकडूनही एक. रात्रीची पाळी असलेला कोणीतरी ते चाक प्रथम पाहील असे लिहा. आमच्याकडे रात्री दोनला टॉर्च घेऊन शेताकडे निघालेला माणूस शाळेवरूनच जातो. केंद्रामुळे गावाची रात्रपाळी बंद झाली आहे हे खरे, पण इतक्या वर्षांची सवय असलेला म्हातारा माणूस त्या वेळेला जागा होतोच.

सातपुडा पायथा

मास्तर, ठोक्यांचा बदल केला आहे, आणि पाराही काढला. शिक्षक नळ्यांमध्ये निळीचे पाणी भरतात, म्हणजे मुलांना ते सरकताना दिसेल.

चाक पाहणारे आता माझे आजोबा आहेत. केंद्र रात्री बंद असते असे फलकावर लिहिले आहे. ते सवयीने दोनला उठतात, फळी लावलेल्या शाळेसमोरून जातात आणि ओसरीवर आसाची कुरकुर ऐकतात. वारा नाही, केळीचे एक पानही हलत नाही. ते टॉर्च लावतात. निळे पाणी आरीच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला जाते, थांबते, पुन्हा जाते. ते ओसरीच्या पायरीवर बसतात आणि उजाडेपर्यंत फेऱ्या मोजतात. मोजलेला आकडा विसरू नये म्हणून उपरण्याच्या टोकाला, पाणबुडीच्या दोराला मारतात तशी, शंभरामागे एक गाठ मारत जातात. सकाळी ग्रामसभेत ते फक्त उपरणे टेबलावर ठेवतात.

पिलबाग दादा, ही गाठ तुमच्याकडून घेतली आहे, चालेल ना?

पिलबाग

अवश्य घ्या, ताई. फक्त गाठ दुहेरी मारू द्या. ओल्या दोराची एकेरी गाठ सुटते, म्हणून आम्ही दुहेरीच मारतो, आणि आजोबांचा हात सवयीने तशीच मारेल.